५४ लाख माणसे, १० लाख मोटारी: स्लोव्हाकियाच्या उद्योगाचे पुढे काय?

मंदार_चिंचवड

गेली सतरा वर्षे मी चाकणच्या औद्योगिक पट्ट्यात वाहनांच्या सुट्या भागांच्या गुणवत्ता-तपासणीचे काम करतो. आमच्याकडून काही माल युरोपात जातो. निर्यातीच्या खोक्यांवर नित्रा आणि त्र्नावा ही नावे वारंवार दिसू लागली, तेव्हा कुतूहलापोटी मी नकाशा उघडला आणि स्लोव्हाकियात जाऊन पोहोचलो. पुणे, अहिल्यानगर आणि सोलापूर हे तीन जिल्हे एकत्र केले तर जेवढे क्षेत्रफळ होईल, त्याहून किंचितच मोठा असा हा देश आहे. लोकसंख्या सुमारे ५४ लाख. एकट्या पुणे जिल्ह्याची लोकसंख्या २०११ च्या जनगणनेतच ९४ लाख होती, यावरून अंदाज यावा. एवढ्याशा देशात वर्षाला सुमारे १० लाख मोटारी तयार होतात आणि दरडोई मोटार-उत्पादनात तो जगात पहिला आहे.

फोक्सवॅगन ब्रातिस्लाव्हात आहे, किया झिलिनाजवळ, स्टेलांटिस त्र्नावात, आणि आपल्या टाटा समूहाच्या मालकीची जॅग्वार लँड रोव्हर नित्रात. देशाच्या औद्योगिक उत्पादनाचा जवळजवळ निम्मा भाग या एका उद्योगातून येतो. विजेवर चालणाऱ्या मोटारी, अमेरिकेचे आयातशुल्क आणि चिनी स्पर्धा हे सारे एकदम समोर उभे असताना, एकाच उद्योगावर इतका भार टाकणे हे त्या देशाचे बळ आहे की त्याची जोखीम? तेथे राहणाऱ्यांनी आणि जाणकारांनी सविस्तर लिहावे, अशी विनंती आहे.

सुलभाताई_नाशिक

मंदार, प्रश्न उत्तम आहे. पण ही परिस्थिती कोणत्या अडचणीतून निर्माण झाली ते आधी पाहायला हवे. मी महाविद्यालयात अर्थशास्त्र शिकवत असताना हा देश दरवर्षी उदाहरणासाठी घेत असे.

१ जानेवारी १९९३ रोजी चेकोस्लोव्हाकियाचे दोन देश झाले. नव्वदच्या दशकात स्लोव्हाकियातले खासगीकरण सत्ताधाऱ्यांच्या मर्जीतल्या मंडळींच्या हाती गेले आणि परकीय गुंतवणूकदार हंगेरी, पोलंड, चेकिया या शेजाऱ्यांकडे वळले. १९९८ मध्ये मिकुलाश झुरिंदा यांचे सरकार आले तेव्हा बँका बुडीत कर्जांखाली दबलेल्या होत्या, आणि २००१ मध्ये बेरोजगारी १९ टक्क्यांच्या घरात पोहोचली होती. कामाला हात लावू शकणाऱ्या दर पाच माणसांतला एक घरी बसून आहे, असा तो काळ होता.

त्यानंतर अर्थमंत्री इव्हान मिक्लोश यांनी २००४ पासून व्यक्तिगत प्राप्तिकर, कंपनीकर आणि मूल्यवर्धित कर या तिन्हींसाठी १९ टक्क्यांचा एकच दर लागू केला. त्याच वर्षी १ मे रोजी देश युरोपीय संघात गेला आणि १ जानेवारी २००९ रोजी ३०.१२६ कोरुनांना एक युरो या दराने त्याने युरो स्वीकारला. शेजारच्या पोलंड, हंगेरी आणि चेकिया यांनी तो आजही स्वीकारलेला नाही. जर्मनीच्या दाराशी असलेली जागा, कुशल कामगार, कमी वेतन, सुटसुटीत कर आणि विनिमयदराची चिंता नाही, हे सारे जुळून आल्यावर मोटार कंपन्या आल्या नसत्या तरच नवल. ज्याच्या घरात चूल पेटत नव्हती, त्याने पहिल्या चांगल्या गिऱ्हाइकाला माल दिला, यात मला चूक दिसत नाही.

म्युनिकस्थ

सुलभाताईंनी दिलेला इतिहास बरोबर आहे, परंतु गिऱ्हाईक दारात आल्यानंतरच्या वीस वर्षांत काय केले, हा प्रश्न उरतोच. मोटारीचा आराखडा जर्मनीत, कोरियात, फ्रान्समध्ये किंवा इंग्लंडमध्ये होतो, नवे मॉडेल कोणत्या कारखान्याला द्यायचे तेही तिकडेच ठरते, आणि नफाही तिकडेच जातो. स्लोव्हाकियाच्या वाट्याला जुळणी, वेतन आणि काही कर येतो. संशोधनावरचा खर्च राष्ट्रीय उत्पन्नाच्या १ टक्क्याच्या आसपास घुटमळतो, तर जर्मनीत तो ३ टक्क्यांच्या वर आहे. ज्या देशाला आपल्या सर्वांत मोठ्या उद्योगाचे पुढचे उत्पादन स्वतः ठरवता येत नाही, त्या देशाला मी तरी भक्कम म्हणणार नाही.

नित्रेचा_पाहुणा

मी २०१८ पासून सहकुटुंब नित्रात राहतो आणि मोटारीची आसने पुरवणाऱ्या एका कंपनीत उत्पादन-नियोजनाचे काम करतो. म्युनिकस्थ यांचा मुद्दा मला मान्य आहे. पण 'जुळणी' हा शब्द दुरून वाटतो तितका हलका नाही, हे सांगावेसे वाटते.

रंगवलेला सांगाडा जुळणीच्या रेषेवर चढला की त्या क्षणी आमच्या पडद्यावर मागणी येते: अमुक रंगाचे कातडे, अमुक देशाचे स्टिअरिंग, तापणारी आसने हवीत की नकोत. तेथून पुढे आमच्याकडे काही तासच असतात. त्या वेळेत आसने तयार करून, गाड्या ज्या क्रमाने रेषेवर आहेत नेमक्या त्याच क्रमाने ती ट्रकमध्ये भरायची असतात. ट्रक मागून रिकामा होत असल्याने शेवटच्या गाडीची आसने आधी भरावी लागतात. माझ्या पहिल्याच हिवाळ्यात रात्रपाळीच्या एका नव्या मुलाने सुलट क्रमाने ट्रक भरला. बाहेर उणे नऊ अंश तापमान होते. आमच्या पाळीप्रमुख बाई जवळच्या खेड्यातल्या, वयाने माझ्या मावशीएवढ्या. त्यांनी आरडाओरडा केला नाही. खोक्याच्या पुठ्ठ्यावर पेन्सिलीने चोवीस गाड्यांचा क्रम लिहून काढला, आम्हा आठ जणांना धक्क्यावर उभे केले आणि एकेक संच उतरवून उलट क्रमाने पुन्हा चढवला. ट्रक अकरा मिनिटे उशिरा निघाला, पण रेषा थांबली नाही. त्या बाई त्यापूर्वी सव्वीस वर्षे कापड कारखान्यात शिवणयंत्रावर होत्या, आणि तो कारखाना बंद पडल्यावर येथे आल्या होत्या. असे कसब असणारी माणसे मिळतात, म्हणूनही कंपन्या येथे येतात.

नित्रातला मोटार कारखाना ऑक्टोबर २०१८ मध्ये सुरू झाला. त्यासाठी सुमारे १.४ अब्ज युरोंची गुंतवणूक झाली आणि स्लोव्हाक सरकारने जवळजवळ १३ कोटी युरोंचे साहाय्य दिले. पूर्वी नित्राची ओळख शेतीची होती. कृषी विद्यापीठ आणि शेतीप्रदर्शन यांसाठी लोक येथे येत. कारखान्याची जागाही सुपीक शेतजमिनीचीच. तेव्हा गमावलेले काहीच नाही, असे मी म्हणणार नाही.

सह्याद्री_४२

मुंबईच्या रस्त्यांवर दिसणारी लँड रोव्हरची नवी डिफेंडर नित्रातून येते, हे मला आज कळले. नित्रेचा_पाहुणा, पुढच्या वेळी ती दिसली की आसनांकडे आधी पाहीन.

इतिहासप्रेमी_सातारा

मंदारराव, एकाच उद्योगावर विसंबण्याचा अनुभव स्लोव्हाकियाने पूर्वी एकदा घेतला आहे आणि तो फार कडू होता. समाजवादी काळात अवजड शस्त्रास्त्रांचे कारखाने मोठ्या प्रमाणावर स्लोव्हाकियात उभारले गेले. मार्टिन या गावात टी-५५ आणि टी-७२ रणगाडे तयार होत. वाह नदीच्या खोऱ्यातली दुब्नित्सासारखी गावे याच उद्योगावर जगत. शीतयुद्ध संपले, वॉर्सा करार या सोव्हिएत गटाच्या लष्करी आघाडीचे गिऱ्हाईक नाहीसे झाले आणि प्रागमधल्या नव्या सरकारनेही शस्त्रनिर्यात आवरती घेण्याचे धोरण ठेवले. रणगाड्यांच्या जागी दुसरी यंत्रे बनवण्याच्या योजना आखल्या गेल्या, पण हजारो लोकांच्या नोकऱ्या गेल्या. 'निर्णय प्रागमध्ये होतात आणि भोगावे आम्हाला लागते' ही भावना तेव्हा प्रबळ झाली, आणि फाळणीच्या वातावरणात तिचाही वाटा होता.

गेल्या काही वर्षांत या खोऱ्यात पुन्हा काम आले आहे. युक्रेन युद्धानंतर १५५ मिलिमीटरच्या तोफगोळ्यांची मागणी प्रचंड वाढली आणि झुझाना-२ ही स्लोव्हाक बनावटीची चाकांवरची तोफ युक्रेनने घेतली. त्यांतल्या १६ तोफांचा खर्च डेन्मार्क, नॉर्वे आणि जर्मनी यांनी मिळून उचलला. युद्धामुळे आलेली ही भरभराट मला आनंदाची वाटत नाही, पण एक गोष्ट नोंदवतो की या तोफेचा आराखडा देशातच झालेला आहे.

ओतकाम_कोल्हापूर

मोटारींच्या चर्चेत धातूंकडे दुर्लक्ष होऊ नये म्हणून लिहितो. आमची लहानशी फौंड्री आहे, त्यामुळे या विषयाशी माझा जिव्हाळा आहे.

झिआर नाद ह्रोनोम या गावात १९५३ पासून ॲल्युमिनियम तयार होत असे. नॉर्वेच्या हायड्रो कंपनीचा मोठा वाटा असलेल्या स्लोवाल्को कारखान्याने २०२२ च्या ऑगस्टमध्ये प्राथमिक उत्पादन थांबवण्याचा निर्णय जाहीर केला आणि २०२३ च्या सुरुवातीला ते थांबले. एक टन ॲल्युमिनियम काढायला साधारण १४,००० ते १५,००० युनिट वीज लागते. विजेचे भाव अनेक पटींनी चढले तेव्हा धातूच्या भावात तो खर्च निघेना, आणि कार्बन-उत्सर्जनापोटी सोसाव्या लागणाऱ्या खर्चाची सरकारी भरपाईही अपुरी पडली. फौंड्रीवाल्याला हे वाचताना पोटात खड्डा पडतो, कारण ॲल्युमिनियम काढण्याचे विद्युतकुंड म्हणजे आमची लोखंड वितळवायची क्युपोला भट्टी नव्हे, की आज विझवली आणि उद्या पुन्हा पेटवली. सुमारे ९६० अंशांवरचा रस थंड होऊन कुंडातच गोठला की अस्तरापासून सगळे नव्याने करावे लागते. एकीकडे मोटारी हलक्या करण्यासाठी ॲल्युमिनियम हवे असते, आणि त्याच देशातला ॲल्युमिनियमचा कारखाना थंड पडतो, याची मला फार हळहळ वाटते.

मला एक कोडे आहे. या देशाची निम्म्याहून अधिक वीज अणुऊर्जेतून येते, मोखोव्त्से अणुवीज केंद्राचा तिसरा संच २०२३ मध्ये वीजजाळ्याला जोडला गेला, गाबचिकोवोचे जलविद्युत केंद्र आहे. मग वीज इतकी महाग का पडावी?

सुलभाताई_नाशिक

ओतकाम, त्याचे कारण बाजाराच्या रचनेत आहे. युरोपीय घाऊक बाजारात त्या त्या तासाची मागणी पुरी करण्यासाठी जे शेवटचे आणि सर्वांत महागडे केंद्र चालवावे लागते, त्याच्या खर्चावर सर्वांचा भाव ठरतो. २०२२ मध्ये ते केंद्र बहुधा नैसर्गिक वायूवर चालणारे असे. स्लोव्हाकियाचे जाळे शेजाऱ्यांशी जोडलेले आहे, त्यामुळे वीज अणुभट्टीतून आली तरी तिला भाव वायूचा लागतो. घरगुती ग्राहकांना सरकारने दरात संरक्षण दिले; मोठ्या कारखान्यांना तितके मिळाले नाही.

वैदेही_प्राग

म्युनिकस्थ यांनी संशोधनाचा विषय काढला, त्यात माणसांची भर घालते. चेकियातल्या विद्यापीठांत सुमारे २०,००० स्लोव्हाक विद्यार्थी शिकतात. भाषा इतकी जवळची आहे की त्यांना वेगळी चेक शिकावी लागत नाही, आणि चेक भाषेतून शिक्षण विनाशुल्क आहे. मी प्रागमधल्या एका अभियांत्रिकी प्रयोगशाळेत काम करते. आमच्या सोळा जणांच्या गटात पाच स्लोव्हाक आहेत. त्यांच्यातली एक मुलगी झिलिनाची आहे. तिचे वडील मोटार कारखान्यात यंत्रदुरुस्ती करतात. ती मला म्हणाली की बाबांच्या कामाचा तिला अभिमान आहे, परंतु तिला ज्या प्रकारचे काम करायचे आहे, ते गावातल्या कारखान्यात होतच नाही. कारखाने आहेत आणि तरीही शिकलेली मुले बाहेर जातात, यातच मला या उद्योगाची मर्यादा दिसते.

याला अपवादही आहेत. ईसेट ही विषाणूरोधक सॉफ्टवेअर करणारी कंपनी ब्रातिस्लाव्हाची आहे आणि तिचे नाव भारतातही अनेकांना ठाऊक असेल. तिची मालकी आणि संशोधन आजही स्लोव्हाकियातच आहे.

म्युनिकस्थ

वैदेही, अगदी नेमके लिहिले आहेत. माझ्या मनात जे होते, ते आपण एका घरातून दाखवलेत.

चाकण_कामगार

आपण सर्व जण कंपन्यांबद्दल बोलत आहात, म्हणून कामगारांबद्दल विचारतो. तेथील वेतन किती आहे आणि संघटना आहेत का?

नित्रेचा_पाहुणा

दादा, संघटना आहेत आणि चांगल्या बळकट आहेत. २०१७ च्या जूनमध्ये ब्रातिस्लाव्हातल्या फोक्सवॅगन कारखान्यात सहा दिवसांचा संप झाला. त्या कारखान्याच्या इतिहासातला तो पहिलाच संप होता. येथे अत्यंत महागड्या गाड्या तयार होतात, मग जर्मन कामगाराच्या मानाने आमचे वेतन इतके कमी का, असा कामगारांचा सवाल होता, आणि पंतप्रधान रॉबर्ट फित्सो यांनीही त्यांची उघड बाजू घेतली. शेवटी टप्प्याटप्प्याने एकूण सुमारे १४ टक्क्यांची वाढ मिळाली. त्या संपानंतर इतर कारखान्यांतल्या वाटाघाटींचाही सूर बदलला.

२०२४ मध्ये देशातले सरासरी वेतन महिन्याला दीड हजार युरोंच्या आसपास होते आणि २०२५ चे किमान वेतन ८१६ युरो होते. तीन पाळ्या चालतात, बसगाड्या खेड्यापाड्यांतून माणसे आणतात आणि उन्हाळ्यात सगळा कारखाना एकदम सुट्टीवर जातो. तेव्हा आम्हा पुरवठादारांनाही सुट्टी घ्यावीच लागते, त्यामुळे अर्धे गाव एकाच आठवड्यात समुद्राकडे निघते. स्थानिक माणसे पुरेशी मिळत नाहीत म्हणून सर्बिया, युक्रेन, व्हिएतनाम येथून कामगार येतात, आणि अलीकडे आपले भारतीयही दिसू लागले आहेत.

चाकण_कामगार

धन्यवाद. सहा दिवसांत १४ टक्के मिळवणाऱ्या त्या बांधवांना माझा नमस्कार.

इतिहासप्रेमी_सातारा

मंदाररावांनी आयातशुल्काचा उल्लेख केला होता, त्यावर अजून कोणी लिहिले नाही. २०२५ च्या एप्रिलमध्ये अमेरिकेने आयात मोटारींवर २५ टक्के जादा शुल्क लावले, म्हणजे युरोपीय गाडीवर एकूण २७.५ टक्के झाले. पुढे तडजोड होऊन ते १५ टक्क्यांवर आले. ब्रिटनला मात्र वर्षाला एक लाख गाड्यांपर्यंत १० टक्क्यांची सवलत मिळाली. आता गंमत पाहा: एकाच कंपनीची इंग्लंडात तयार झालेली रेंज रोव्हर १० टक्क्यांत जाते आणि नित्रात तयार झालेली डिफेंडर १५ टक्क्यांत जाते. नित्रातल्या कामगाराने काम तितक्याच निगुतीने केले, तरी त्याच्या गाडीवर अमेरिकेच्या बंदरात पाच टक्के जास्त शुल्क पडते. ब्रातिस्लाव्हातून जाणाऱ्या पोर्शे कायेन आणि आउडी क्यू-७ यांनाही हाच फटका आहे.

त्याच वर्षी सप्टेंबरमध्ये जॅग्वार लँड रोव्हरच्या संगणक-यंत्रणेवर सायबर हल्ला झाला आणि इंग्लंडमधल्या कारखान्यांबरोबर नित्रातलेही उत्पादन काही आठवडे ठप्प झाले. हल्ला कुठे झाला आणि काम कुठे थांबले, याचा विचार केला की दूरच्या निर्णयांवर अवलंबून असणे म्हणजे काय, ते कळते.

ओतकाम_कोल्हापूर

पूर्वेकडच्या कोशित्सेचाही विचार करा. तेथील पोलाद कारखान्याची उभारणी १९६० मध्ये सुरू झाली आणि युक्रेनचे लोहखनिज थेट आणता यावे म्हणून सोव्हिएत मापाचा १५२० मिलिमीटरचा रुंद रेल्वेमार्ग सरहद्दीपासून तेथवर टाकला गेला. देशातले बाकीचे मुख्य मार्ग १४३५ मिलिमीटरचे आहेत. २००० मध्ये हा कारखाना यू. एस. स्टीलने घेतला आणि २०२५ मध्ये ती कंपनीच जपानच्या निप्पॉन स्टीलकडे गेली. म्हणजे कोशित्सेच्या तीन झोतभट्ट्यांचे भवितव्य आधी पिट्सबर्गमध्ये ठरत होते, आता टोकियोत ठरेल. देशातला सर्वांत मोठा कार्बन-उत्सर्जक हाच कारखाना आहे, त्यामुळे भट्ट्या बदलायच्या की कसे, हा निर्णय लांबवता येणारा नाही. खनिजाचा मार्गही आज युद्धाच्या सावटाखाली आहे.

नित्रेचा_पाहुणा

त्याच कोशित्सेजवळ वालालिकी येथे व्होल्व्होने २०२२ मध्ये नवा कारखाना जाहीर केला: सुमारे १.२ अब्ज युरो गुंतवणूक, वर्षाला अडीच लाख मोटारींची क्षमता, आणि त्या सर्व विजेवर चालणाऱ्या. आजवरचे चारही मोटार कारखाने पश्चिमेत आणि वायव्येत आहेत. ब्रातिस्लाव्हा ते कोशित्से हा डी-१ महामार्ग दशकानुदशके अपुराच राहिल्याने पूर्वेकडे कोणी वळत नव्हते. बेरोजगारी तिकडे जास्त, आणि रोमा या अल्पसंख्य समाजाच्या वस्त्यांतली गरिबी पाहून मन विषण्ण होते. म्हणून देशाचे मोटारींवरचे अवलंबन वाढेल हे कळत असूनही, तो कारखाना तेथे व्हावा असेच मला वाटते. झिलिनात कियाने २०२५ पासून ईव्ही-४ या विजेवरच्या मोटारीचे उत्पादन सुरू केले, हीही आशेची बाब आहे.

म्युनिकस्थ

विजेच्या मोटारीत इंजिन, गिअरपेटी आणि धूरनळी नसते. जुळणीचे कारखाने तरतील; ज्यांचा सारा धंदा गिअरपेटीच्या भागांवर आहे, अशा पुरवठादारांची मला काळजी वाटते. शिवाय सरकारी तिजोरीतली तूट भरण्यासाठी २०२५ पासून मूल्यवर्धित कर २३ टक्के झाला, ५० लाख युरोंवरच्या करपात्र नफ्यावर कंपनीकर २४ टक्के झाला आणि बँकेतल्या व्यवहारांवरही कर आला. सुलभाताईंनी सांगितलेला १९ टक्क्यांचा सुटसुटीत देश आता उरलेला नाही.

सुलभाताई_नाशिक

हे मात्र मला मान्य करावे लागेल. स्वस्त वेतन आणि सुटसुटीत कर ही दोन्ही कारणे संपली आहेत. वेतन वाढले ही तर आनंदाचीच गोष्ट. आता माणसांचे कसब एवढेच भांडवल शिल्लक आहे, आणि वैदेहीने लिहिल्याप्रमाणे तेच बाहेर चालले आहे. मंदार, मला आता तुझ्या प्रश्नाचे उत्तर पूर्वीइतक्या ठामपणे देता येत नाही. २००४ मध्ये मोटारी हे बळ होते. त्या मिळकतीतून शाळा, विद्यापीठे आणि पूर्वेकडचे रस्ते वेळेवर उभे राहिले नाहीत, म्हणून ती जोखीम झाली, असे मी म्हणेन.

नित्रेचा_पाहुणा

ताई, शाळांबाबत एक भर घालतो. २०१५ च्या कायद्याने येथे दुहेरी शिक्षणपद्धती आली. व्यवसायशाळेतली मुले काही दिवस वर्गात आणि काही दिवस कारखान्यात शिकतात. आमच्याकडे सध्या सहा मुले येतात. मी वर लिहिलेल्या पाळीप्रमुख बाई आता निवृत्त झाल्या आहेत, पण आठवड्यातून दोन दिवस त्या मुलांना शिवण आणि कातडे ताणण्याचे काम शिकवायला येतात. मागच्या आठवड्यात त्यांनी एका मुलाला झालेली शिवण चार वेळा उसवायला लावली.

मंदार_चिंचवड

सर्वांचे मनापासून आभार. प्रश्न विचारताना माझ्या डोळ्यांपुढे आकडे होते, आता माणसे आहेत. म्युनिकस्थ यांचा पुरवठादारांविषयीचा मुद्दा मी आमच्या व्यवस्थापकांपुढे मांडणार आहे, कारण आम्ही पाठवत असलेल्या भागांपैकी दोन भाग गिअरपेटीचेच आहेत. वालालिकीचे नाव अजून आमच्या कोणत्याही खोक्यावर आलेले नाही. ज्या दिवशी येईल, त्या दिवशी येथे येऊन कळवीन.